मालाचा पंचनामा झाला, पैशाचा कधी?

प्रति,
मा. गृहमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई.

विषय : कोकण किनाऱ्यावर पकडला जाणारा माल आणि न पकडला जाणारा पैसा

महोदय,

सप्रेम नमस्कार.

२०२३ च्या ऑगस्टमध्ये, मासेमारीबंदी उठून जेमतेम पंधरा दिवस झाले असताना, दापोली तालुक्यात चरसची पाकिटं किनाऱ्याला लागायला लागली. कर्दे, लाडघर, केळशी, कोळथरे, मुरूड, बुरोंडी. पाठोपाठ आमच्या श्रीवर्धनकडेही. एकट्या दापोलीत दोनशे किलोहून जास्त माल सापडला. कस्टम्सवाले आणि पोलीस वाळू तुडवत हिंडत होते. पाकीट दिसलं तर हात लावू नका, आम्हाला कळवा, असं गावोगाव सांगून झालं. पाकिटं मोजली, वजन केलं, कोटींतली किंमत पेपरात छापून आली. पण तो माल मागवला कुणी, पैसे कुणी मोजले आणि ते कुठे पोचायचे होते, हे आमच्या कानावर आजतागायत आलेलं नाही.

मी अठ्ठावीस वर्षं एका मच्छीमार सोसायटीचा सचिव होतो. डिझेलचा कोटा, परतावा, परवाने, विमा, कर्जाचे हप्ते हेच काम. बोटींपेक्षा बोटींचे कागदच मी जास्त पाहिले. त्यामुळे हे पत्रही कागदांबद्दलच आहे.

जुनी आठवण काढतो, राग मानू नका. ९ जानेवारी १९९३ ला आमच्याच भागातल्या दिघीला तस्करीचा माल उतरला. गोंडघर फाट्यावर पोलिसांनी गाड्या अडवल्या, म्हणजे पाळत होती. अडवल्यावर भाव ठरला. तेवढी रोकड जवळ नव्हती, म्हणून चांदीच्या विटा तारण ठेवून घेतल्या आणि गाड्या सोडल्या. पुढच्या महिन्यात शेखाडीला आरडीएक्स उतरलं आणि १२ मार्चला मुंबईत २५७ माणसं मेली. पुढे दहशतवादविरोधी टाडा कायद्याच्या न्यायालयात पोलीस दोषी ठरले, कस्टम्सचे वरिष्ठ अधिकारीही ठरले. आमच्या भागातल्या म्हाताऱ्यांना यातलं काय आठवतं विचाराल, तर त्या तारणातल्या विटा. सोनं, घड्याळं, कापड असं काहीबाही या किनाऱ्यावर वर्षानुवर्षं उतरत होतं. उतरवून घेण्याचा दर ठरलेला होता आणि डोळे मिटण्याचाही. त्या रात्री खोक्यांत काय आहे, हे विचारायची सवयच कुणाला उरली नव्हती.

त्यानंतर समुद्राकडे बघणारे डोळे वाढले, हे मान्य. २६/११ नंतर तर सागरी पोलीस ठाणी, गस्ती नौका, खलाशांची ओळखपत्रं, वर्षातून दोनदा ‘सागर कवच’ नावाचा सुरक्षा सराव. तरी २०२२ च्या ऑगस्टमध्ये हरिहरेश्वरच्या किनाऱ्याला तीन एके-४७ असलेली रिकामी नौका येऊन लागली आणि ती आधी दिसली गावकऱ्यांना. सातशे किलोमीटरांहून लांब किनारा आहे, खाड्या वेगळ्याच. प्रत्येक खडपावर शिपाई उभा करा, असं मी म्हणणार नाही.

आणि केला, तरी त्याचा उपयोग किती? त्याच वर्षी न्हावा-शेवाला कंटेनरमधल्या ज्येष्ठमधाच्या काड्यांवर हेरॉइनचा थर दिलेला सापडला, पुढच्या महिन्यात सफरचंद-पेअरच्या पेट्यांत पन्नास किलो कोकेन. २०२३ च्या डिसेंबरात खोपोलीजवळ ढेकूला एमडीचा, म्हणजे मेफेड्रोन या अमली पदार्थाचा, कारखानाच निघाला. तिथला माल कुठल्या समुद्रातून आला नव्हता. येण्याच्या वाटा बदलत राहतात. पैसा जिरवायच्या जागा मात्र फारशा बदलत नाहीत, आणि त्या माझ्यासारख्याला घरबसल्या दिसतात.

पहिली जागा आंब्याची बाग. शेतीच्या उत्पन्नावर प्राप्तिकर नाही. हा नियम बागायतदारासाठी आहे आणि तो राहायलाच हवा. पण चाळीस कलमांच्या बागेतून चारशे कलमांचं उत्पन्न दाखवणाऱ्याला विचारतो कोण? मोहोर करपतो, फुलकिडे येतात, अवकाळी पाऊस झोडपतो, खरा बागायतदार भरपाईचे अर्ज लिहीत बसतो, आणि त्याच वर्षी शेजारच्या बागेचं कागदावरचं पीक भरघोस! फुलकिडेसुद्धा माणूस बघून बसत असावेत. पीक पाहणीची नोंद आणि विवरणपत्रातलं उत्पन्न एकदा शेजारी शेजारी ठेवून बघा.

दुसरी जागा बोट. बोट कुणाच्या नावावर आहे आणि बोट कुणाची आहे, हे दोन वेगळे प्रश्न आहेत, हे धक्क्यावरचं पोरही सांगेल. काल माझ्यासमोर दोन हजारांची उचल मागणारा खलाशी आज ट्रॉलरचा मालक म्हणून सही करायला येतो, तेव्हा सचिवाने काय करावं? कागद पुरे असतात. मी सही केलेली आहे, एकदा नव्हे, अनेकदा. हे कबूल करून टाकतो. लिलाव रोखीत होतो. किती टोपल्या उतरल्या याची नोंद आम्हीच ठेवतो. सुरमई लागली म्हटलं की लागली.

आणि तिसरी, सगळ्यात मोठी, जमीन. कुळकायद्याप्रमाणे शेतजमीन घ्यायला शेतकरी असावं लागतं, तर शेतकरी असल्याचा दाखला होतो. रेडी रेकनरचा दर आणि खरा भाव यांतला फरक पिशवीतून जातो. मग तिथे होम-स्टे उभा राहतो. सबंध पावसाळा त्याच्या दाराला कुलूप दिसतं आणि बिलं म्हणे भरलेल्या खोल्यांची फाटतात. प्रत्येक होम-स्टेवाला तसा आहे असं कृपया कुणी समजू नये. माझ्या भाच्याचाही आहे, आणि त्याचा हप्ता थकलेला आहे.

सरकारने जमिनीपर्यंत हात नेला त्याचं गाजलेलं उदाहरण खेड तालुक्यातल्या मुंबक्याचं. दाऊद इब्राहिमच्या घराण्याच्या जमिनीचे काही तुकडे, स्फोटांनंतर जवळपास ३१ वर्षांनी, जानेवारी २०२४ मध्ये लिलावाला निघाले. पावणेदोन गुंठ्यांच्या एका तुकड्याची राखीव किंमत १५,४४० रुपये होती, त्यावर बोली लागली २ कोटी १ लाखाची. बातमी चवीने वाचली आम्ही. पण एवढ्या नावाजलेल्या माणसाच्या बाबतीत इतकी वर्षं लागतात, तर ज्याचं नाव कुठल्याच एफआयआरमध्ये नाही त्याच्या सातबाऱ्याला कोण हात लावणार?

ईडी केंद्राची आहे, असं उत्तर कृपया देऊ नका. अमली पदार्थांच्या कायद्यात प्रकरण पाच-अ आहे. त्यात तपास अधिकारी स्वतः मालमत्ता गोठवू शकतो, फक्त तीस दिवसांत सक्षम प्राधिकाऱ्याची मान्यता घ्यावी लागते. १ जुलै २०२४ पासून, जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १०७ आहे. पोलीस अधीक्षकांच्या मंजुरीने गुन्ह्यातून आलेल्या मालमत्तेच्या जप्तीसाठी न्यायालयात जाता येतं. अमली पदार्थांची तस्करी आपण २०२५ मध्ये मकोकात, म्हणजे संघटित गुन्हेगारीविरोधी कायद्यात, आणली. हत्यारं आहेत. रायगड, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या तीन जिल्ह्यांत ती किती वेळा उचलली, किती मालमत्ता गोठवली, त्यातली किती टिकली, एवढे आकडे येत्या अधिवेशनात सभागृहापुढे ठेवा. तहसील, दुय्यम निबंधक, मत्स्यव्यवसाय आणि पोलीस या चार कचेऱ्या तालुक्याच्या गावात एकमेकींपासून चालत दहा मिनिटांवर असतात. त्यांचे कागद एका टेबलावर यायला नवं दल कशाला लागतं, हे मला खरंच कळत नाही.

एक शेवटची गोष्ट. काही वर्षांपूर्वी आमच्याकडच्या एका तांडेलाने, म्हणजे बोटीच्या प्रमुखाने, रात्री समुद्रात एक अनोळखी बोट दुसरीत डिझेल उतरवताना पाहिली. सांगितल्याप्रमाणे त्याने कळवलं. त्यालाच तीन दिवस चौकशीला बसवून ठेवलं, तेही भर हंगामात. चौथ्या दिवशी खबर कुणी दिली, ते सगळ्या धक्क्याला ठाऊक झालं होतं. कुणी फोडलं, ते मी लिहीत नाही. आता त्याला समुद्रात काहीच दिसत नाही. डोळे ठणठणीत आहेत त्याचे.

म्हणून मीही खाली नाव घालत नाही. माझी दोन्ही मुलं अजून बोटीवर जातात.

कळावे,

आपला,
श्रीवर्धन तालुक्यातील एका मच्छीमार सोसायटीचा निवृत्त सचिव