चष्म्याचा मोठा नंबर आणि डोळ्याचा पडदा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

माझ्या धाकट्या भावाला शाळेत असल्यापासून चष्मा आहे. पंचविशीत त्याचा नंबर उणे नऊवर स्थिरावला. गेल्या वर्षी वैशाखात आंब्याच्या पेट्या भरताना त्याला उजव्या डोळ्यापुढे काजळीचे कण उडताहेत असे वाटू लागले आणि रात्री दिवा मालवला की डोळ्याच्या कोपऱ्यात वीज चमकल्यासारखे होऊ लागले. उन्हाचा त्रास असेल, असे आम्हीच ठरवून टाकले. चष्म्याच्या दुकानात नंबर तपासून नवी काच मिळाली, पण डोळ्याच्या आत कोणीच पाहिले नाही. आठ दिवसांनी खालच्या बाजूने काळी सावली वर चढू लागली, तेव्हा कुठे आंबा घाट चढून आम्ही कोल्हापूर गाठले. तोवर पडदा, म्हणजे दृष्टिपटल, मध्यभागापर्यंत सुटला होता. शस्त्रक्रियेने तो जागेवर बसला. मात्र त्या डोळ्याने भावाला आज आपले वृत्तपत्र वाचता येत नाही.

उणे सहा वा त्याहून मोठा नंबर म्हणजे नुसती जाड काच नव्हे, हे आम्हाला तेव्हा कळले. प्रौढ माणसाचा डोळा पुढून मागे साधारण 24 मिलिमीटर असतो. अशा रुग्णांमध्ये तो बहुधा 26 मिलिमीटर किंवा त्याहूनही लांब होतो, आतील पडदा ताणून विरत जातो, त्याला कडेला भोके पडतात आणि त्यांतून द्रव मागे शिरला की पडदा सुटतो. काचबिंदू, अकाली मोतीबिंदू आणि दृष्टिपटलाच्या केंद्रभागाची झीज यांचा धोकाही अशा डोळ्यांना अधिक असतो. लग्न ठरण्यापूर्वी लेझरने नंबर घालवणारी अनेक मुले-मुली आमच्या गावात आहेत. त्यांचा चष्मा गेला, तरी डोळ्याची लांबी तेवढीच राहते आणि धोकाही तसाच राहतो, हे त्यांना कोणी तरी स्पष्ट सांगायला हवे.

शाळांतील तपासणीत मुलांना चष्मे मिळतात, ही चांगलीच गोष्ट आहे. पण मोठ्या नंबराच्या मुलाच्या कार्डावर 'पडद्याची तपासणी दरवर्षी' असा शेरा असावा आणि महिन्यातून एकदा तरी दृष्टिपटलतज्ज्ञ उपजिल्हा रुग्णालयात यावेत, अशी माझी आरोग्य विभागाला कळकळीची विनंती आहे. पडद्याचे भोक वेळीच सापडले, तर बहुतेकदा दाखल न होता लेझरने त्याभोवती बंदोबस्त करता येतो. काळे कण एकाएकी वाढले, चमका दिसल्या किंवा सावली आली, तर मात्र तपासणीच्या तारखेची वाट न पाहता त्याच दिवशी निघावे. बाहुली मोठी करणारे थेंब घातल्यावर काही तास अंधुक दिसते; म्हणून सोबत कोणाला तरी न्यावे आणि परतीच्या एसटीची वेळ आधीच विचारून ठेवावी.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका,
ता. राजापूर, जि. रत्नागिरी