सांजपंथाचं गणित

देवगड
कार्तिक वद्य पंचमी

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

कादंबरीतल्या पंथाचा तुझा आराखडा वाचला. समुद्राकाठचं गाव आणि उजेड-अंधाराचा समतोल पाळणारी माणसं, हे जमतंय. पण पंथाचं मूळ वचन म्हणून ‘निम्मा उजेड, निम्मा अंधार’ असं जे घातलंयस, ते काढ. आपल्या किनाऱ्यावर ते कोणाला पटायचं नाही. चंद्र निम्मा दिसतो अष्टमीला, आणि अष्टमीच्या आसपास पाणी भांगाचं असतं: धड चढत नाही, धड ओसरत नाही. उधाण येतं पुनवेला आणि तितकंच अमावास्येला, कारण दोन्ही वेळा सूर्य आणि चंद्र एका रेषेत ओढतात. खरा जोर एक-दोन दिवसांनी दिसतो, ते सोड. सांगायचं इतकंच की पंथाचा समतोल पाळीचा ठेव. उजेडाची पाळी पुरी, अंधाराचीही पुरी. दोन्ही कालवून केलेला मिणमिणाट हा या लोकांच्या लेखी आळस.

आता पाया. तुझा गुरू म्हणतो, अंधार म्हणजे उजेड नसणं. हे वैशेषिक दर्शनाचं मत झालं: तम म्हणजे तेजाचा अभाव. मग जे नाहीच त्याचा समतोल कसा करणार? वादात तो पहिल्याच पानावर हरेल. त्याला भाट्ट मीमांसकांच्या, म्हणजे कुमारिल भट्टाच्या अनुयायांच्या, बाजूला बसव. ते अंधाराला द्रव्य मानतात, कारण तो काळा दिसतो आणि सरकतोही. वैशेषिकांच्या बाजूचे नैयायिक, म्हणजे न्याय दर्शनवाले, लगेच म्हणतील, सरकते ती आडवी आलेली वस्तू, सावली नव्हे. या भांडणावर तुझं एक प्रकरण सहज निघेल. पण पंथाला खरा आधार सांख्यांचा. सांख्यकारिका या त्यांच्या ग्रंथाच्या तेराव्या श्लोकात सत्त्व हलकं आणि प्रकाश देणारं, तम जड आणि झाकणारं, आणि रजासकट तिन्ही गुण एकमेकांविरुद्ध असूनही दिव्यासारखे एका कामाला लागतात, असं म्हटलंय. टीकाकार तिथे वात, तेल आणि ज्योत दाखवतात. पंथाची सगळी साधना दिव्याभोवती का, याचं उत्तर तुला आयतंच मिळालं.

साधनेत मात्र ‘रोज सात दिवे’ वगैरे नको. फुकटची शोभा ती. नियम चंद्रावर बांध. चंद्र रोज सरासरी 50 मिनिटं उशिरा उगवतो आणि मावळतो; हिशोबाला दोन घटिका, म्हणजे 48 मिनिटं, धर. रात्र तीस घटिकांची धर. वद्य पक्षात तिथीची दुप्पट कर: सूर्यास्तानंतर तितक्या घटिकांनी चंद्र येतो, तोवर दिवा. आजच्या वद्य पंचमीला दहा घटिका, म्हणजे चार तास. शुद्ध पक्षात उलट: तिथीच्या दुपटीइतक्या घटिका चांदणं, ते मावळलं की उरलेली रात्र दिवा. शुद्ध पंचमीला वीस घटिका, आठ तास. पुनवेला दिवाच नाही, अमावास्येला तीसच्या तीस घटिका. एक मध्यम वात तासाला साधारण चमचाभर तेल पिते, तेव्हा आज चार चमचे पुरतील. वात जाड असली तर हिशोब कोसळेल, म्हणून पंथात वात वळणारा माणूस गुरूच्या खालोखाल मानाचा ठेव.

तेल उंडीच्या झाडाच्या बियांचं घे. जुन्या कोकणात दिव्याला हे कडू तेल चाले. वास उग्र, धूरही होतो, पण कोणी चोरून भाजीला घालत नाही. खोबरेल नको. ते 24 अंशांच्या आसपास थिजायला लागतं, आणि पौषातल्या पहाटे पणतीत गोळा होऊन वात कोरडी जळते. खाऱ्या हवेत दमट झालेली वात तडतडते, काजळी धरते, म्हणून दिवा लावण्याआधी वाती चुलीजवळ सुकवायच्या आणि मधूनमधून सारायच्या.

नियम मोडतो कुठे, तेही लिही, नाहीतर पंथ खोटा वाटेल. 48 मिनिटं हा ढोबळ हिशोब, प्रत्यक्षात काही मिनिटं इकडे-तिकडे होतात. आषाढात ढगांमुळे पुनवही काळीच. तिथे पंचांग मानायचं की डोळा? माझ्या मते इथेच पंथाच्या दोन शाखा होतील. तिसरी अडचण गमतीची आहे. अष्टमीचा चंद्र निम्मा दिसतो, पण त्याचं चांदणं पुनवेच्या जेमतेम दहावा हिस्सा असतं, कारण तिरप्या उन्हात चंद्राच्या खडबडीत पाठीवर सावल्याच फार. कला मोजून चांदणं मापणारा शिष्य तिथे फसतो. तो शिष्य तुझा खलनायक होऊ शकेल, बघ.

दिव्याआधी एक घटिका अंधारात बसण्याचा नियम घाल. काळोखाला सरावायला डोळ्यांना वीस ते तीस मिनिटं लागतात, आणि घटिका 24 मिनिटांची. मध्ये कोणी मोबाईल उघडला की सगळं पहिल्यापासून.

समुद्राच्या बाजूला दिवा वर्ज्य ठेव. रत्नागिरीतल्या वेळासच्या वाळूत ऑलिव्ह रिडले कासवांची पिल्लं रात्री बाहेर पडली की उजळ क्षितिजाकडे, म्हणजे पाण्याकडे धावतात. मागे बल्ब दिसला तर उलटी जमिनीकडे वळतात. तुझं कथानक आजचं असेल तर एलईडीच्या झोतावर होणारी मासेमारीही आण. केंद्राने 2017 मध्ये तिला बंदी घातली, तरी पारंपरिक मच्छीमार त्यावरून अजून भांडतायत. झोताखाली बांगडा आणि म्हाकूल गोळा होतात, लहान मासळीसकट. पंथाची भूमिका इथे आपोआप ठरते, भाषण लिहू नकोस.

पंथाला ‘सांजपंथ’ म्हटलंय मी, पटलं नाही तर बदल. दुसरा खर्डा पाठवशील तेव्हा प्रत्येक प्रसंगावर तिथी घालून पाठव. पहिल्या खर्ड्यात वद्य एकादशीला तिन्हीसांजेला चंद्र उगवलाय, तो आधी पहाटेकडे ने.

तुझा,
आबा