पॉट पायला कडकडीत मोहन चालत नाही

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत परदेशी पदार्थांच्या सदरात खिम्याच्या बीफ पॉट पायची कृती आली आहे. पदार्थ चांगला निवडला आहे. अमेरिकेत थंडीच्या दिवसांत घरोघरी होणारे हे पोटभरीचे जेवण. खोलगट भांड्यात खिमा, बटाटा, गाजर आणि मटार यांचे दाट सारण, वर मैदा-बटरची जाड पारी, आणि सगळे एकत्र भाजलेले. पण छापलेल्या कृतीबरहुकूम केला तर वर चिवट पापडी आणि खाली पातळ रस्सा हाती येईल. दोष करणाऱ्याच्या हाताचा नसेल, कृतीचा असेल. त्यातल्या चुका दुरुस्त व्हाव्यात म्हणून हे पत्र.

पहिली चूक पारीची. कृतीत 'मैद्यात कडकडीत मोहन घालावे' असे लिहिले आहे. ही सवय करंजीची. गरम तूप पिठाच्या कणाकणाला चिकटते आणि पारी खुसखुशीत होते, पण तिला पापुद्रे सुटत नाहीत. म्हणून तर करंजीला वेगळा साटा, म्हणजे तूप आणि पिठाचा लेप, लावावा लागतो. पायच्या पारीत साट्याचे काम थंड बटरचे तुकडेच करतात. बटरमध्ये साधारण १६ टक्के पाणी असते. ओव्हनच्या आचेने त्याची वाफ होते आणि ती थर उचलते. बटर आधीच वितळून पिठात मुरले असेल तर उचलायला थरच उरत नाही.

२३ सेंटिमीटर रुंद आणि ५ सेंटिमीटर खोल भांड्याला, फक्त वरची पारी करायची असेल तर १८० ग्रॅम मैदा, १२० ग्रॅम बटर आणि ४५ ते ५५ मिलिलिटर बर्फाचे पाणी लागते. आपल्याकडचे नेहमीचे बटर खारट असते, त्यामुळे पिठात वेगळे मीठ चिमूटभरच. बटरचे दीड सेंटिमीटरचे चौकोनी तुकडे करून पंधरा मिनिटे फ्रीझरमध्ये ठेवावेत. मग मैद्यात टाकून बोटांच्या टोकांनी चुरावेत, तळहाताने नाही, कारण तळवा गरम असतो. काही तुकडे मटाराएवढे दिसत राहिले की थांबावे. पाणी चमच्याचमच्याने घालावे आणि पीठ जेमतेम एकत्र येताच मळणे बंद करावे. पोळीच्या कणकेसारखे तिंबले की संपले: पारी चिवट होते आणि भाजताना आकसून भांड्यात घसरते. गोळा चपटा करून झाकून तासभर फ्रीजमध्ये ठेवावा. मे महिन्यात मुंबईच्या स्वयंपाकघरात बटर ओट्यावरच मऊ पडते, तेव्हा मैदा आणि परातही आधी गार करून घ्यावी. लाटताना गोळा मऊ पडू लागला तर हट्ट न धरता पुन्हा दहा मिनिटे फ्रीजमध्ये.

आता मांस. कृतीत नुसते 'बीफ' म्हटले आहे. महाराष्ट्रात गोहत्याबंदी जुनीच आहे, २०१५ पासून बैल आणि वळू यांच्या कत्तलीवरही बंदी आहे. म्हशीच्या मांसावर ती नाही. म्हणजे इथला वाचक हा पदार्थ म्हशीच्या, म्हणजे मोठ्याच्या खिम्याचा करणार, किंवा मटणाचा. अमेरिकेतले मराठी वाचक दुकानातून ८०/२० किंवा ८५/१५ असा आकडा लिहिलेले पाकीट आणणार. त्यातला दुसरा आकडा चरबीचा. हा फरक कृतीत यायला हवा होता, कारण म्हशीचे मांस बरेच कमी चरबीचे असते. ८०/२० च्या खिम्याला तेल घालायची गरज नसते, उलट सुटलेली चरबी दोन मोठे चमचे ठेवून बाकीची काढून टाकावी लागते. नाही तर ती सारणावर तवंग धरते. मोठ्याच्या खिम्याला मात्र दोन मोठे चमचे तेल किंवा बटर घालावेच लागते. खाटकाला खिमा जाड जाळीतून एकदाच काढायला सांगावे. दोनदा काढलेला खिमा कबाबाला ठीक, पायमध्ये त्याचा लगदा होतो.

आणि खिमा धुऊ नये. आपल्याकडे तो धुण्याची पद्धत आहे, पण धुतलेला खिमा स्पंजसारखा पाणी धरतो आणि कढईत परतण्याऐवजी उकडतो. धुवायचेच असेल तर मांसाचा तुकडा धुऊन, पुसून मग खिमा काढून घ्यावा.

५०० ग्रॅम खिम्यासाठी रुंद, जड बुडाची कढई चांगली तापवावी. खिमा पसरून चार-पाच मिनिटे अजिबात हलवू नये. आधी पाणी सुटेल आणि रटरट आवाज येईल. पाणी आटले की चरचर सुरू होते. तपकिरी रंग आणि त्याबरोबरची चव त्या चरचरीनंतरच येते. सतत ढवळत राहणारा माणूस हा टप्पा गाठतच नाही आणि मग राखाडी खिम्यात चव नाही म्हणून मसाला वाढवत बसतो. गरम मसाला घालणाऱ्याला अडवण्याचे कारण नाही, मात्र या पदार्थाची मूळ चव भाजलेल्या मांसाची, काळ्या मिऱ्याची आणि थाइम या सुगंधी पाल्याची आहे. बे लीफऐवजी आपले तमालपत्र मात्र घालू नये. ते वेगळ्या झाडाचे, दालचिनीच्या वासाचे पान आहे.

खिमा काढून त्याच कढईत १५० ग्रॅम कांदा, १२० ग्रॅम गाजर आणि सेलरीच्या दोन काड्या बारीक चिरून मऊ होईतो परताव्यात. चार लसूण पाकळ्या आणि एक मोठा चमचा टोमॅटो पेस्ट घालून मिनिटभर. कृतीत इथे दोन टोमॅटो सांगितले आहेत. त्याने दोन तोटे होतात: पाणी वाढते आणि आंबटपणामुळे बटाटा लवकर शिजत नाही. अर्धा तास शिजवूनही बटाट्याच्या फोडी आतून कडक का, याचे उत्तर बहुधा तेच असते. मग ३० ग्रॅम मैदा भुरभुरून दोन मिनिटे परतावा. कच्चेपणा जायला एवढे पुरते. ४०० मिलिलिटर मांसाचा स्टॉक थोडा थोडा ओतत गुठळ्या मोडाव्यात. सगळा एकदम ओतला की गुठळ्या बसतात आणि मग गाळण्यावाचून उपाय नसतो. एक सेंटिमीटरच्या फोडी केलेला २०० ग्रॅम बटाटा, खिमा, एक मोठा चमचा वुस्टर सॉस, अर्धा छोटा चमचा सुके थाइम आणि मिरपूड घालून उकळी आणावी आणि मंद आचेवर बारा ते पंधरा मिनिटे ठेवावे. मीठ सगळ्यात शेवटी, कारण स्टॉक आणि सॉस दोन्ही खारट असतात. १०० ग्रॅम मटार गॅस बंद करण्याआधी; फ्रोझन मटारला याहून जास्त शिजवणे लागत नाही.

दाटपणा कसा ओळखावा, हे आपल्या कृतीत नाही आणि सगळा खेळ त्यावरच आहे. उलथन्याने कढईच्या तळाशी रेघ ओढावी. ती लगेच मिटली तर सारण पातळ. दोन-तीन सेकंद तळ दिसून मग मिटली तर बरोबर. गार झाल्यावर ते आणखी दाटते, म्हणून कढईत गोळ्यासारखे घट्ट होईतो आटवू नये, नाही तर पाय कोरडा होतो. मैद्याऐवजी कॉर्नफ्लोअर वापरू नये. त्याची दाटी दुसऱ्यांदा तापवल्यावर नीट टिकत नाही आणि इथे सारण दोनदा तापते.

'गरमागरम सारणावर पारी झाकावी' ही ओळ सर्वांत घातक. बटर साधारण ३२ ते ३५ अंशांना वितळते. वाफाळत्या सारणावर पारी ठेवली की ओव्हनमध्ये जाण्याआधीच खालचा थर तुपकट आणि ओला होतो. तो नंतर कितीही भाजला तरी कच्च्या पिठासारखाच राहतो. सारण परातीत पसरून पंख्याखाली गार करावे, मग फ्रीजमध्ये. शिजवलेले मांस दोन तासांपेक्षा जास्त बाहेर ठेवू नये. आपल्या उन्हाळ्यात तर तासाभरातच आत टाकावे. एक सावधगिरी: काचेच्या भांड्यात सारण भरून फ्रीजमध्ये गार केले आणि तेच भांडे तापलेल्या ओव्हनमध्ये सारले तर काच तडकू शकते. सारण परातीतच गार करावे आणि भाजायच्या वेळी भांड्यात भरावे, किंवा सरळ ॲल्युमिनियमचे भांडे घ्यावे.

'खिमा थोडा कच्चा राहिला तरी ओव्हनमध्ये शिजेल' असेही छापले आहे. हे चवीपुरते प्रकरण नाही. अख्ख्या तुकड्याच्या पृष्ठभागावर असलेले जंतू खिमा काढताना आतपर्यंत पोहोचतात, म्हणून खिम्याला अमेरिकेच्या कृषी खात्याने आतून किमान ७१ अंश सेल्सिअस ही मर्यादा घातली आहे. तिथे १९९३ मध्ये अर्धवट शिजलेल्या बीफ पॅटीमुळे ई. कोलाय ओ१५७:एच७ ची साथ पसरली, सातशेहून अधिक लोक आजारी पडले आणि चार मुले दगावली. पुढच्याच वर्षी हा जंतू असलेला कच्चा बीफ खिमा भेसळयुक्त ठरवण्यात आला. अर्धाकच्चा खिमा गार करून ठेवणे म्हणजे जंतूंना वाढायला वेळ देणे. तो कढईतच पूर्ण शिजवावा.

भाजण्यासाठी ओटीजी, म्हणजे घरातला विजेचा छोटा ओव्हन, वरची आणि खालची अशा दोन्ही कांड्या लावून २१० अंशांवर वीस मिनिटे आधी तापवावा. भांड्यात वरून एक सेंटिमीटर जागा सोडून सारण भरावे, कडेला पाण्याचे बोट फिरवावे आणि ४ मिलिमीटर जाड, २८ सेंटिमीटर रुंद पारी टाकून कडा दाबाव्यात. मधोमध तीन सेंटिमीटरच्या चार-पाच चिरा द्याव्यात. चिरा नसतील तर वाफ कडेने वाट काढते आणि रस्सा बाहेर उतू जातो. वरून अंडे आणि चमचाभर दूध फेटून लावावे. भांडे खालच्या बाजूच्या रॅकवर, त्याखाली एक ट्रे. २१० वर वीस मिनिटे, मग १८० वर वीस ते पंचवीस. लहान ओटीजीत वरची कांडी पारीच्या फार जवळ येते आणि पंधरा मिनिटांतच रंग येतो. त्या रंगाला फसू नये, वर सैलसर फॉइल टाकून वेळ पुरा करावा. चिरांतून दाट बुडबुडे येताना दिसले आणि मध्यभागी थर्मामीटर ७४ दाखवू लागला की झाले. बाहेर काढून पंधरा मिनिटे थांबल्याशिवाय कापू नये. ग्रेव्ही त्या वेळात बसते.

सदर लिहिणाऱ्यांना एक विनंती. भाजण्याच्या पदार्थात 'वाटी' लिहू नये. अमेरिकी कपभर मैदा साधारण १२० ते १२५ ग्रॅम भरतो; आपल्या घरातली वाटी १५० मिलिलिटरचीही असते आणि २०० चीही. ग्रॅम, भांड्याचा आकार आणि ओव्हनचे तापमान या तीन गोष्टी छापायला दोन ओळी लागतात. त्यांची जागा हवी असेल तर पदार्थाच्या रंगीत छायाचित्रातून थोडी कापता येईल.

उरलेला पाय फ्रीजमध्ये तीन दिवस राहतो. मायक्रोवेव्हमध्ये तापवला तर पारी ओल्या पावासारखी होते. १७० अंशांच्या ओव्हनमध्ये वीस-पंचवीस मिनिटे ठेवला तर पापुद्रे परत कुरकुरीत होतात. पुढच्या आठवड्यासाठी करून ठेवायचा असेल तर सारण आणि पारीचा गोळा वेगवेगळे फ्रीझरमध्ये ठेवावेत; सारणात बटाटा मात्र घालू नये, तो फ्रीझरमध्ये भुसभुशीत होतो. तो उकडून ऐन वेळी मिसळावा.

आपला,
एक वाचक, ठाणे