बहिऱ्यांच्या रांगेत नावाचा पुकारा

प्रति,
मा. मंत्री महोदय,
दिव्यांग कल्याण विभाग, महाराष्ट्र राज्य,
मंत्रालय, मुंबई

विषय: कानांच्या तपासणीच्या रांगेत स्वतःचं नाव ऐकू न आल्यामुळे माझी मुलगी 'अनुपस्थित' ठरल्याबाबत.

महोदय,

सविनय नमस्कार. मी घणसोलीला राहते. माझ्या मुलीला जन्मापासून दोन्ही कानांनी ऐकू येत नाही. ती बी.कॉम. झाली आहे. एका निमसरकारी कार्यालयात, कर्णबधिरांसाठी राखीव असलेल्या एक टक्क्यातून, लिपिक म्हणून तिची निवड झाली आहे. डिसेंबर २०२२ मध्ये आपल्या राज्यात दिव्यांगांसाठी स्वतंत्र विभाग सुरू झाला तेव्हा आम्ही घरात पेढे वाटले होते. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं वाचून आपल्याला वाटेल की ही बाई सरकारच्या वाईटावरच टपून बसली आहे.

रुजू होण्यापूर्वी कानांची नव्याने तपासणी हवी म्हणून गेल्या आठवड्यात आम्हाला एका सरकारी रुग्णालयात पाठवलं. कान-नाक-घसा विभाग. ऑडिओमेट्रीच्या, म्हणजे ऐकू किती येतं ते मोजण्याच्या, खोलीबाहेर लांब बाक, बाकावर सगळे न ऐकू येणारे. आतला माणूस दार किलकिलं करतो, नाव पुकारतो, तीन वेळा पुकारून झालं की दार लावून घेतो. मी केसपेपरवर शिक्का आणायला खाली गेले होते. वर येऊन पाहते तर मुलगी जागच्या जागी बसलेली आणि यादीत तिच्या नावापुढे लाल शाईने 'अनुपस्थित'. मी जाब विचारला तर म्हणाले, "तीनदा ओरडलो बाई! बहिरी आहे का ती?"

हो. बहिरीच आहे. तेवढंच तर तपासायला बोलावलं होतंत.

पुढची तारीख दीड महिन्याने दिली आहे. रुजू व्हायची मुदत त्याआधीच संपते. मुदत वाढवून मिळेल का, असं कार्यालयात विचारलं तर त्यांनी एक हेल्पलाइन नंबर दिला. उमेदवारानेच बोलायला हवं, पालक चालत नाहीत. आता हा नंबर माझ्या मुलीने कोणत्या कानाला लावायचा, तेही त्या पत्रात छापलं असतं तर बरं झालं असतं.

याच रुग्णालयात ३ मार्चला जागतिक श्रवण दिन साजरा झाला होता. व्यासपीठावरून एक मोठे साहेब म्हणाले होते की महिन्याभरात इथे टोकनचा बोर्ड बसेल, नंबर डोळ्यांना दिसेल, कुणाला पुकाऱ्याची वाट बघावी लागणार नाही. समोर खुर्च्यांवर बसलेल्या कर्णबधिर मुलांपर्यंत हे आश्वासन पोचलंच नाही, कारण सांकेतिक भाषेचा दुभाषी आणलेला नव्हता. मला जमेल तसं मी हातांनी सांगितलं. मुलं खूश झाली. बोर्ड अजून आलेला नाही. त्या भिंतीवर एक पाटी मात्र आहे: 'शांतता राखा'. ती पाटी आमची माणसं कसोशीने पाळतात.

२०१६ चा दिव्यांग हक्क कायदा आपल्या विभागाला मी सांगावा असं नाही, पण त्यातल्या २५ व्या कलमात रुग्णालयं अडथळामुक्त असावीत आणि दिव्यांगांना तपासणीत अग्रक्रम मिळावा असं लिहिलेलं आहे. आमच्याकडे अडथळा म्हटला की फक्त पायरी डोळ्यापुढे येते. एक रॅम्प बांधला, शेजारी उभं राहून फोटो काढला, की झालं अडथळामुक्त. आवाज हाही अडथळा असतो, हे इतक्या वर्षांत कुणाच्याच टिपणीवर आलं नाही?

दुसऱ्या खिडकीवर वेगळाच तमाशा. मुलीने स्वतःच्या तोंडाने नाव आणि पत्ता सांगितला, तर आतल्या बाई माझ्याकडे वळून म्हणाल्या, "ही तर बोलते की! मग बहिरी कशी?" महोदय, ती बोलते कारण तिचं बालपण आम्ही स्पीच थेरपीत घातलं. आरशासमोर बसून, माझ्या गळ्यावर हात ठेवून, मेणबत्तीच्या ज्योतीसमोर 'प' म्हणत ती एकेक अक्षर शिकली. 'क' आणि 'ग' तर ओठांवर दिसतच नाहीत. पॅकिंग विभागातली माझी नोकरी त्यात गेली. हे सगळं केल्याचं बक्षीस काय, तर आता तिच्यावर संशय. रेल्वेचंही तेच. भाड्यातली सवलत पूर्ण बहिरी आणि मुकी अशा दोन्ही गोष्टी एकाच माणसात असतील तरच मिळते. म्हणजे घणसोलीहून ठाण्याचा पास सवलतीत हवा असेल, तर तिने एवढ्या कष्टाने कमावलेली वाचा खिडकीपाशी गिळून टाकावी. बोलायला शिकवलं हा आमचा गुन्हा झाला!

मान्य आहे, सोंगं आणणारे आहेत. सोयीच्या बदलीसाठी कानांची खोटी प्रमाणपत्रं काढलेल्यांच्या बातम्या आम्हीही वाचतो. त्यांना शोधा, जरूर शोधा. कायद्यात त्यासाठी दोन वर्षांपर्यंतची कैद किंवा एक लाखापर्यंतचा दंड किंवा दोन्ही आहे. पण ती प्रमाणपत्रं कुणी दिली? सही करणारा डॉक्टर सरकारी, शिक्का सरकारी. सोंग तुमच्या खिडकीतून बाहेर पडलं आणि त्याची झाडाझडती आमच्या मुलीची. पेन्शनरांकडून हयातीचा दाखला मागतात तसा हिच्याकडून बहिरेपणाचा दाखला मागत राहतात. तिच्या प्रमाणपत्रावर 'कायमस्वरूपी' असं छापलेलं आहे, यूडीआयडी हे दिव्यांगांचं ओळखपत्र आहे. बेरा चाचणी मेंदूपर्यंत पोचणारे संकेत मोजते, तिच्यात सोंग चालत नाही, आणि तिचा अहवालही फाइलला जोडलेला आहे. तरी नव्याने तपासा. तिच्या कानातली चेतापेशी रातोरात उगवून आली असेल म्हणून?

आता विषय निघालाच आहे तर सगळंच लिहिते. पोटात होती तेव्हा तिसऱ्या महिन्यात मला ताप आला, अंगावर बारीक पुरळ उठलं. उष्णता आहे, असं सांगून दवाखान्यातून परत पाठवलं. तो रुबेला होता, हे पुढे कळलं. रुबेलावरची लस जगात १९६९ पासून आहे. आपल्या सरकारी लसीकरणात ती यायला २०१७ उजाडलं, महाराष्ट्रात मोहीम निघाली ती २०१८ च्या नोव्हेंबरात. खाजगीत मिळत होती, पण आम्हाला कोण सांगणार? सासरी मात्र कारण ठरलेलं होतं: हिने ग्रहण पाळलं नाही.

मुलगी दोन वर्षांची झाली तरी हाकेला वळेना. घरचे म्हणायचे, "बाप उशिरा बोलला होता, हीही बोलेल." पाठीमागे स्टीलचं ताट वाजवून डॉक्टरांनी पाहिलं. ती वळली, कारण ताटाची सावली भिंतीवर हलली. 'ऐकू येतं' असा शेरा पडला. खरं निदान झालं ते तिसऱ्या वर्षी, म्हणजे भाषा मेंदूत मुरायचा सर्वांत मोलाचा काळ सरत आल्यावर. जन्मल्यावर महिन्याभरात चाचणी, तीन महिन्यांत निदान, सहा महिन्यांच्या आत यंत्र किंवा उपचार, हे वेळापत्रक जगभर मानलं जातं. कॉक्लियर इम्प्लांटला, म्हणजे शस्त्रक्रियेने कानात बसवायच्या यंत्राला, केंद्राची मदत मिळू लागली तोवर आमची मुलगी हायस्कुलात होती.

तुम्ही म्हणाल, तो जमाना गेला. कुठे गेला? बालकांच्या आरोग्य तपासणीचा राष्ट्रीय कार्यक्रम ६ फेब्रुवारी २०१३ ला सुरू झाला तो कुठून, ठाऊक आहे का? पालघरहून. आणि पालघर तेव्हा आपल्या ठाणे जिल्ह्यातच होतं. जन्मजात बहिरेपणा त्याच्या यादीत आहे. त्याच जिल्ह्यात आमच्या शेजारणीचं बाळ यंदा एका सरकारी प्रसूतिगृहात जन्मलं आणि कानांची चाचणी न होताच घरी आलं. बाळाच्या कानांची चाचणी करणारं ओएईचं मशीन आहे, कपाटात आहे, चालवणारा माणूस नाही. दहा मिनिटांची चाचणी. बाळ झोपलेलं असलं तरी होते, उलट झोपलेलं असलं तर उत्तम. हजार बाळांमागे एक ते तीन बाळं जन्मतःच बहिरी असतात. जिल्ह्यात वर्षाला किती जन्म होतात ते तुमच्याच जन्मनोंदणीत बघा आणि गुणाकार करा.

गुणाकारावरून आठवलं. महाराष्ट्रात पावणेपाच लाख लोकांना ऐकण्याचं अपंगत्व आहे, असं २०११ ची शिरगणती सांगते. २०२१ ची झालीच नाही. मग ठरवा तुम्हीच, दुप्पट धरायचे की तिप्पट. आमच्याच घरात एक आहे जो कुठल्याच यादीत नाही. माझे यजमान रबाळ्याला एका कारखान्याच्या प्रेस शॉपमध्ये, जिथे मशीनं पत्रा ठोकून घडवतात तिथे, आयुष्यभर होते. आठ तासांना ९० डेसिबलची मर्यादा कारखान्यांच्या नियमांत आहे म्हणतात. तिथे शेजारी उभ्या माणसाला काही सांगायचं तर कानाला तोंड लावावं लागायचं. त्यांचे कान गेले, पण कुणी कधी मोजले नाहीत. आता टीव्ही एवढा मोठा लावतात की खालच्या मजल्यावरचे भांडायला येतात, आणि त्यांचं भांडणही यांना ऐकू येत नाही.

शिक्षणाचं काय सांगू. देशातली कर्णबधिरांची पहिली शाळा मुंबईत, माझगावला, १८८० च्या दशकात निघाली. म्हणजे आपल्याला सुमारे एकशे चाळीस वर्षांचा अनुभव आहे! तरी मुलीच्या शाळेत हात हलवला की ओरडा: हात खाली, तोंडाने बोल. खुणांची भाषा ती शिकली कुठे, तर संध्याकाळी ठाणे स्टेशनच्या पुलावर जमणाऱ्या कर्णबधिर पोरांकडून. तिथे ती पहिल्यांदा पोट धरून हसताना मी पाहिली. बोर्डाने भाषेचे विषय कमी करून दिले, सवलत म्हणून. मग नोकरीला गेली की पहिला प्रश्न: इंग्रजी येतं का? सवलतही तुमची, अटही तुमचीच.

ऐरोलीच्या एका खाजगी कंपनीत तिने डेटा एंट्रीचं काम केलं. काम चोख. मिटिंगचे निरोप तोंडी, चेष्टामस्करी तोंडी, पगारवाढीची बोलणीसुद्धा तोंडी. करोनात सगळ्यांनी मास्क लावले आणि तिला एका दिवसात शहरातली सगळी तोंडं बंद झाली. पहिल्या कपातीत तिचं नाव होतं. त्याआधी वार्षिक अहवालात तिचा फोटो छापला होता, हसरा.

पण मला सर्वांत जास्त टोचतं ते वेगळंच आहे. माझी मुलगी सज्ञान आहे. पाळीचा त्रास होतो म्हणून स्त्रीरोगतज्ज्ञाकडे जायचं तर मध्ये मी हवी. डॉक्टर प्रश्न मला विचारतात, तिच्याबद्दल, तिच्यासमोर. संबंध आलाय का, हेही मलाच विचारतात. तिने आईसमोर काय उत्तर द्यावं? जिल्ह्याच्या ठिकाणी एक प्रशिक्षित दुभाषी, व्हिडिओ कॉलवर का होईना, एवढंही परवडत नाही या राज्याला? आणि उद्या मी नसताना रात्री तिला रुग्णवाहिका लागली तर? ती फोनवर सांगेल, 'या'. पलीकडचा विचारेल, 'कुठे?' ते तिला कळणार नाही.

ऑक्टोबर २०२४ मध्ये मराठी अभिजात झाली. आनंद आहे. पहिलीपासून कुठली भाषा शिकवायची यावर तुम्ही सगळे भांडलात, मोर्चे काढायला निघालात, शासन निर्णय मागे घेतलेत. त्या सबंध गदारोळात हाताने बोलल्या जाणाऱ्या भाषेचं नाव कुणी घेतलं? आठव्या अनुसूचीत बावीस भाषा आहेत, ही नाही. मराठी मालिकांच्या तळाशी मराठी अक्षरं दिसत नाहीत, गडकरी रंगायतनात नाटकाला गेली तर ती प्रेक्षकांचे चेहरे बघते आणि सगळे हसले की हसते. त्याच २०१६ च्या कायद्याचं ४२ वं कलम म्हणे दृश्य माध्यमांत सांकेतिक भाषा आणि अक्षरं द्या. कायदा मोडला तर पहिल्या वेळी दंड दहा हजारांपर्यंत. त्याच्या कितीतरी पट जास्त तुमच्या पक्षांच्या एका दहीहंडीच्या डीजेला लागतात, आणि त्या डीजेसमोर नाचणारी पोरं उद्या याच बाकावर येऊन बसणार आहेत. जागतिक आरोग्य संघटना म्हणते, २०५० पर्यंत दर चार माणसांत एकाचं ऐकणं कमी झालेलं असेल. त्यात मंत्री आणि सचिवही येतात. निदान स्वतःच्या म्हातारपणासाठी तरी तो बोर्ड लावून घ्या.

मागणं एवढंच: तपासणीची तारीख मुदतीच्या आत द्या किंवा मुदत वाढवा. त्या खोलीबाहेर नंबर दिसेल असं काहीतरी बसवा, पैसे नसतील तर पाटी आणि खडू मी आणून देते. ओएईचं मशीन कपाटातून काढा. बोलणाऱ्या बहिऱ्याला बहिरा समजा.

विभागातून कुणी संपर्क करणार असेल तर कृपया लेखी करा. फोन केलात तर मी उचलेन, आणि मग पुन्हा सगळं माझ्याशीच बोलून होईल. हे पत्र माझं आहे. मुलीचं वेगळं येतंय, ती ते स्वतः लिहिते आहे. मसुदा मी पाहिला. त्यात सुरुवातीला 'सविनय' नाही.

एका कर्णबधिर मुलीची आई,
घणसोली, नवी मुंबई