फोटोखाली नाव टाकायचं राहिलं

संपादक साहेब, नमस्कार.

रविवारच्या पुरवणीत जुन्या हॉरर पिक्चरवर पानभर लेख आला, वाचायला मजा आली, पण मधोमध जो भलामोठा फोटो छापलाय त्याच्याखाली काय, तर "पुराना मंदिरमधला राक्षस". अहो, त्या राक्षसाला नाव आहे ना! अनिरुद्ध अग्रवाल. कोपऱ्यात हिरो-हिरोइनचा एवढासा फोटो, त्यांची नावं मात्र बरोब्बर.

थोडा घोळ पिक्चरवाल्यांचाही आहे म्हणा, १९८४ च्या 'पुराना मंदिर'मध्ये नाव लागतं अजय अग्रवाल आणि पुढे कुठे अनिरुद्ध, मग लोकांनी लक्षात ठेवायचं तरी काय. रुरकीला शिकलेला इंजिनिअर हा माणूस, आणि हॉरर पिक्चर काढणाऱ्या रामसे बंधूंनी त्याला केला सामरी, म्हणजे 'पुराना मंदिर'मधला तो राक्षस.

आमच्या चाळीत गणपतीत मंडळाने व्हीसीआर भाड्याने आणला होता, तेव्हा रात्री हा पिक्चर लावला. सामरीचं मुंडकं एकीकडे पेटीत बंद, धड देवळामागे पुरलेलं, आणि राजाच्या घराण्याला शाप की बाई बाळंत झाली की मरणार. ते मुंडकं आणि धड एक झालं तेव्हा पुढे बसलेली आम्ही पोरं ढुंगणानेच मागे सरकत सरकत आज्यांच्या मांडीपर्यंत पोचलो. माझी आजी म्हणाली, "मेला माणूस आहे का माडाचं झाड!" आता परत बघितला तर कळतं, बॅकग्राउंड म्युझिक कोकलतं, बाकीचे सगळे किंचाळतात, आणि हा बाबा नुसता सावकाश चालत येतो. घाईच नाही त्याला. नुसती उंची असून हे जमत नाही हो, उंच माणसं काय कमी आहेत?

१९९० च्या 'बंद दरवाजा'त तो नेवला झाला, म्हणजे आपला देशी ड्रॅक्युलाच. पण माझ्या मते त्याचं सगळ्यात भीतीदायक काम 'बँडिट क्वीन'मधला डाकू बाबू गुज्जर. तिथे सुळे नाहीत, शाप नाही, धूर नाही, साधा जिवंत माणूस, आणि तरी अंगावर काटा येतो. त्याच १९९४ साली डिस्नेच्या 'जंगल बुक'मध्ये तबाकी नावाचा गुंड, तिथेही शेवटी कड्यावरून खालीच पडायचं नशिबात. तुमच्या लेखात या दोन्हींचा उल्लेखच नाही, जसा काही माणूस हवेलीच्या बाहेर पडलाच नाही.

तर पुढच्या अंकात छोटीशी दुरुस्ती छापा, फोटो परत नको, नाव छापलं तरी पुरे.

आणि हो, 'सामरी' नावाचा पिक्चर तुमच्या लेखात लिहिलाय तसा १९८४ चा नाही, १९८५ चा. थ्रीडी होता. काकाने थेटरातून ढापून आणलेला त्याचा चष्मा आमच्याकडे बरीच वर्षं होता, एक काच फुटलेली.

आपला एक जुना वाचक,
डोंबिवली