मोलकरणीचं काम आणि थेल्मा रिटर

न्यूयॉर्क

ती. आत्यास,
सा. नमस्कार.

राज्य नाट्य स्पर्धेला यंदाही मोलकरणीचंच काम दिलं म्हणून परवा फोनवर तू फणकारलीस. त्यावर तिथल्या तिथे बोलायचं राहून गेलं, म्हणून हे पत्र. थेल्मा रिटर हे नाव तू ऐकलं नसशील, पण 'रिअर विंडो' पाहिलायस. त्यात पाय मोडून खिडकीशी बसलेल्या जेम्स स्टुअर्टला मालिश करता करता टोमणे मारते ना, ती नर्स. तीच थेल्मा.

बाई जन्माने ब्रुकलिनची, १९०२ ची. मी राहतो त्या क्वीन्समध्येच, फॉरेस्ट हिल्सला तिचं घर होतं. नाटकाचं रीतसर शिक्षण घेतलं, पुढे लग्न, दोन मुलं आणि मग रेडिओवर कामं. सिनेमात आली तेव्हा पंचेचाळिशीची होती. १९४७ चा 'मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट'. मुलाला हवं असलेलं खेळण्यातलं फायर इंजिन शोधून शोधून पाय दुखायला लागलेली आई, काम जेमतेम दोन-चार मिनिटांचं, श्रेयनामावलीत नावसुद्धा नाही. तरी स्टुडिओचा प्रमुख डॅरिल झॅनकच्या नजरेत ती भरली.

१९५० च्या 'ऑल अबाउट ईव्ह'मध्ये ती बेटी डेव्हिसने रंगवलेल्या बड्या नटीची मदतनीस झाली. गोड बोलून घरात शिरलेल्या ईव्हच्या आवाजाला, अदबीला सगळे भुलतात. शहाणे लेखक-दिग्दर्शकही. ती पोरगी बाईसाहेबांचा धडा गिरवावा तसा अभ्यास करतेय, हे पहिल्यांदा कळतं ते हिला. आणि ते ती पलंगाशी उभी राहून, नाक मुरडून, सहज सांगून टाकते. मला राग येतो तो याचा, की अर्ध्या सिनेमानंतर ती गायबच होते. लेखकाने तिला कुठे टाकली कोण जाणे!

या कामासाठी ऑस्करचं नामांकन मिळालं. ते धरून सलग चार वर्षं मिळत गेलं, आणि १९६२ पर्यंत एकूण सहा. सगळी सहायक अभिनेत्री म्हणून. बाहुली एकदाही हाती लागली नाही. १९५५ च्या सोहळ्यात मात्र न्यूयॉर्कच्या बाजूचं सूत्रसंचालन हिच्याकडे होतं, म्हणजे पंगतीत वाढायला ही! रंगभूमीने तेवढं उणं भरून काढलं. १९५८ साली एका संगीत नाटकासाठी टोनी हे तिथल्या रंगभूमीचं मोठं पारितोषिक मिळालं, सहकलाकार ग्वेन व्हर्डनबरोबर विभागून.

पण तुला दाखवायचंय ते 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट', १९५३ चं. यात ती मो नावाची बाई. टाय विकते आणि पोलिसांना खबरा विकते. पैसे साठवते ते स्वतःच्या दफनासाठी. बेवारसांच्या दफनभूमीत जायचं नाही, एवढीच भीती तिला. एका रात्री दमून खोलीवर येते, तर बंदूकवाला आत बसलेला. त्याला हवा असलेला पत्ता ती सांगत नाही. रडत नाही, हातापाया पडत नाही. पलंगावर बसून, दिवसभराचा हिशेब सांगावा तशी, आपण किती थकलोय ते बोलत राहते. तो आवाज ऐक. वाक्याच्या शेवटी खाली बसणारा, घासलेला. एकही शब्द 'अभिनय' म्हणून येत नाही. गोळीचा फक्त आवाज येतो, पण तोवर आपण केव्हाच हललेले असतो. नायक-नायिका दोघंही चांगली आहेत, पण मला आठवते ती हीच.

आता तुझ्या मोलकरणीचं बघ. तिची वाक्यं कापली असतील तर भांडून परत घे, तालमीला अजून वेळ आहे. पण काम सोडू नकोस. आणि तिला उगाच गावठी हेल लावू नकोस, थेल्माने स्वतःचा ब्रुकलिनचाच ठेवला. तू मिरजेचा ठेव.

सिनेमा दादाच्या लॅपटॉपवर लागेल, त्याला सांगून ठेवलंय. आतोबांना नमस्कार, आणि त्यांना शेजारी बसवू नकोस, ते शेवट आधीच सांगून टाकतात.

तुझा भाचा