आडनाव आईचं असलं म्हणजे ‘बायकांचं राज्य’ होत नाही

मा. संपादक,
स.न.वि.वि.

काल रविवारच्या पुरवणीतला मेघालयातल्या गारो जमातीवरचा, त्यांच्याकडे ‘बायकांचं राज्य’ असल्याचं सांगणारा लेख वाचला. दोनदा वाचला, कारण पहिल्यांदा विश्वासच बसेना. माझी सून गारो आहे, मेघालयातल्या तुरा शहराची. लेख तिच्या नजरेला पडू नये म्हणून मी पुरवणी कपाटात ठेवून दिली. पण दुपारपर्यंत सोसायटीतल्या दोघींनी तिला त्याचा फोटो पाठवलाही होता, आणि एकीनं जिन्यातच विचारलं, “अगं, तुमच्याकडे नवरे घरजावई होऊन भांडी घासतात ना?”

मी दोन वेळा तुऱ्याला राहून आले आहे. घर आणि जमीन मुलीकडे जाते हे खरं, पण महत्त्वाचं काही ठरवायची वेळ आली की सुनेचे मामा येऊन बसतात. आईकडच्या या पुरुषांना ‘च्रा’ म्हणतात. लग्न असो, जमीन असो, भांडण असो, त्यांना डावलून काही होत नाही. गावाच्या आकिंग, म्हणजे कुळाच्या सामायिक जमिनीचा हक्क बायकोच्या कुळाकडून येतो आणि ‘नोकमा’, म्हणजे गावप्रमुख म्हणून कारभार पाहतो तो तिचा नवरा. मेघालयाच्या ६० जागांच्या विधानसभेत २०२३ साली ३ स्त्रिया निवडून आल्या. आजवर तिथे एकही स्त्री मुख्यमंत्री झालेली नाही. राज्य बायकांचं आहे हे आपल्या लेखकानं कशावरून ठरवलं, ते कळायला हवं होतं.

धाकटी मुलगी वारस होते, असंही लिहिलं आहे. ती रीत मेघालयातल्याच खासी जमातीची. गारोंमध्ये आईवडील मुलींपैकी कुणाही एकीला निवडतात, ती ‘नोकना’. तिचा नवरा ‘नोकरोम’, आणि तो शक्यतो तिच्या वडिलांचा भाचा असावा असा रिवाज. म्हणजे मुलानं मामाची मुलगी करायची. यात मराठी वाचकानं तोंडात बोट घालावं असं काय आहे? माझ्या आजोळी दोन पिढ्या हेच चाललं. फरक इतकाच की आपल्याकडे मामाची मुलगी मुलाच्या घरी येते, तिथे भाचा मामाच्या घरी राहायला जातो आणि मामाच्या मागे त्या घराचा कर्ता होतो. त्याला तिथे कुणी हसत नाही, उलट त्याच्यावर मोठी जबाबदारी असते.

गारोंच्या नाखामला लेखात ‘कुजलेले मासे’ म्हटलं आहे, तो शब्द तर मला फार लागला. नाखाम म्हणजे सुके मासे. सुकट आणि बोंबील आवडीनं खाणाऱ्या महाराष्ट्रात हे समजावून सांगावं लागतं, याचं वाईट वाटतं.

आणि लेखातलं ते ‘संगमा घराणं’! संगमा हे एका घराण्याचं नाव नव्हे. संगमा, मराक, मोमिन असे मोठे गट आहेत आणि त्यांच्या पोटात कितीतरी ‘माचोंग’, म्हणजे आईकडून चालत आलेली कुळं. मुकुल संगमा आणि कॉनराड संगमा दोघंही मेघालयाचे मुख्यमंत्री झाले, पण ते एकमेकांचे विरोधक आहेत. १९९९ साली शरद पवारांबरोबर राष्ट्रवादी काँग्रेस स्थापन करणारे संगमा आपल्या वाचकांच्या चांगल्या लक्षात आहेत. त्यांचं पूर्ण नाव पूर्णो अगितोक संगमा. मुलाचं नाव कॉनराड कोंगकाल संगमा. अगितोक नाही, कोंगकाल, कारण तो कॉनराड यांच्या आईचा माचोंग. हे एवढं जरी छापलं असतं तरी लेखाचं सार्थक झालं असतं.

मला हे लिहायला लावणारी खरी गोष्ट वेगळी आहे. दोन वर्षांपूर्वी नातीला शाळेत घालायचं होतं. मुलानं आणि सुनेनं लग्नाआधीच ठरवलं होतं की मूल आईचं, मराक हेच आडनाव लावेल. माझ्या यजमानांना ते पचायला वेळ लागला, मलाही लागला, ते मी लपवत नाही. पण तुऱ्याला गेलो तेव्हा सुनेच्या आईनं माझा हात धरून सांगितलं की, मुलीला मुलगी झाली म्हणजे आमचं कूळ पुढे गेलं. नातू झाल्यावर माझ्या सासूबाई अगदी हेच म्हणाल्या होत्या. त्यानंतर माझ्या मनात काही उरलं नाही.

शाळेच्या कार्यालयातल्या बाईंनी अर्ज पाहिला आणि माझ्या मुलासमोर विचारलं, “मुलीचे वडील नाहीत का?” मुलगा म्हणाला, “मीच.” तर म्हणाल्या, “मग आडनाव तुमचं का नाही? दत्तक आहे का?” नात चार वर्षांची, सगळं ऐकत होती. जन्मदाखल्यावर मराक लिहिलेलं असताना तीन हेलपाटे घालावे लागले आणि खुलाशाचं पत्र द्यावं लागलं. सून त्या दिवशी घरी आल्यावर जेवली नाही. मी पस्तीस वर्षं शाळेत शिकवलं. असा प्रश्न कुठल्याही मुलासमोर विचारायचा नसतो.

१ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचं नाव घालणं शासनानं सक्तीचं केलं, ते चांगलंच झालं. पण त्या कार्यालयात बसलेल्या माणसांच्या डोक्यात जे असतं ते तुमच्या पुरवणीसारख्या लेखांतूनच येतं. ‘बायकांचं राज्य’ वाचलेली व्यक्ती उद्या मराक आडनावाची मुलगी समोर आली की हसणारच.

आता फोटोबद्दल. ‘वांगाला नृत्य’ म्हणून छापलेला फोटो खासींच्या नोंगक्रेम सणातल्या नाचाचा आहे. डोक्यावर मुकुट घातलेल्या रेशमी वेशातल्या त्या मुली गारो नाहीत. या दोघांच्या भाषांचं मूळसुद्धा एक नाही: गारो ही आसामातल्या बोडो भाषेच्या जवळची, तिबेटो-बर्मी, आणि खासी ऑस्ट्रो-आशियाई. वांगाल्यात पुरुष गळ्यात लांबट ढोल, ‘दामा’, अडकवून वाजवतात, बायका दकमांदा, म्हणजे कमरेला गुंडाळायचं विणलेलं वस्त्र, नेसून ओळीनं नाचतात, डोक्याला कोंबड्याची पिसं खोचलेली. पीक घरात आल्यावर मिसी साल्जोंग या देवाचे आभार मानायचा हा सोंगसारेक, म्हणजे त्यांच्या जुन्या धर्माचा सण. १८६३ साली गुवाहाटीत पहिल्या दोन गारोंचा बाप्तिस्मा झाला, पुढे बहुतेक समाज ख्रिस्ती झाला आणि गावोगावचे वांगाले थांबत गेले. ते जाऊ नये म्हणून १९७६ साली तुऱ्याजवळ असनांगला शंभर दामांचा वांगाला सुरू झाला. लेखात त्यालाच ‘हजारो वर्षांची परंपरा’ म्हटलं आहे. मी असनांगला उभी राहून तो ऐकला आहे. शंभर दामा एकदम घुमतात तेव्हा पायाखालची जमीन हलते. माझी ख्रिस्ती विहीणबाई तिथे डोळे पुसत होती.

लिहितेच आहे तर आणखी एक. फोटोखालची ओळ पांढऱ्या अक्षरात, तीही इतकी बारीक की मला भिंग घ्यावं लागलं. गेल्या वर्षभरात पुरवणीचा टाइप सारखा लहान होतो आहे. तुमचे निम्मे वाचक माझ्या वयाचे असतील, त्यांचा विचार व्हावा.

नात आता अक्षरं लावून वाचते. तुऱ्याच्या आजीला ती अंबी म्हणते आणि तिचा दकमांदा नेसलेला फोटो तिच्या टेबलावर आहे. येत्या रविवारी योग्य फोटोसह दुरुस्ती छापावी, पहिल्या लेखाच्याच जागी, आतल्या पानाच्या कोपऱ्यात नको.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, सातारा